आदेश हाती आला, निवृत्तिवेतन मात्र आले नाही : अवमान याचिकांविषयी वाचकांचे प्रश्न

या वेळी सातारा आणि सांगली जिल्ह्यांतून आलेल्या पत्रांचा विषय जवळजवळ एकच आहे. निवृत्तिवेतनाच्या वादात उच्च न्यायालयाचा निकाल आपल्या बाजूने लागला, कार्यालयाने तो पाळला नाही, म्हणून अवमान याचिका दाखल केली, आणि आता तीही वर्षानुवर्षे तारखांवर पडून आहे, अशी ही तक्रार आहे. पत्रलेखकांची नावे आणि प्रकरणांचे क्रमांक वगळून, मजकूर थोडा आटोपशीर करून निवडक पत्रांना उत्तरे देत आहे.

प्रश्न : मी सातारा जिल्ह्यातील एका अनुदानित माध्यमिक शाळेतून २०१५ मध्ये निवृत्त झालो. त्याआधी दुसऱ्या अनुदानित शाळेत केलेली साडेसहा वर्षांची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरली गेली नाही, म्हणून मी उच्च न्यायालयात रिट याचिका केली. ती सेवा जोडून सुधारित निवृत्तिवेतन आणि थकबाकी बारा आठवड्यांत द्यावी, असा आदेश २०१९ मध्ये झाला. तो पाळला गेला नाही म्हणून २०२० मध्ये अवमान याचिका दाखल केली. तेव्हापासून तीन अधिकारी बदलले. दर तारखेला ‘प्रस्ताव पाठवला आहे, थोडी मुदत द्यावी’ असे सांगितले जाते आणि मुदत मिळतेही. आता महालेखापाल कार्यालयाने त्रुटी काढून प्रस्ताव परत पाठवल्याचे समजते. न्यायालय एकाही अधिकाऱ्याला शिक्षा का करत नाही? मी नवी याचिका करावी का? (एक निवृत्त शिक्षक, कोरेगाव)

उत्तर : नवी याचिका करण्याची गरज दिसत नाही. असलेली याचिका नेमकी कशाभोवती फिरवायची, हे मात्र आता ठरवावे लागेल.

न्यायालयाचा अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ब) नुसार न्यायालयाच्या आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग म्हणजे दिवाणी अवमान. सगळा भार ‘हेतुपुरस्सर’ या एका अटीवर आहे. आदेश पाळला गेला नाही एवढे दाखवणे पुरत नाही. तो माहीत असताना, पाळणे शक्य असताना, जाणूनबुजून पाळला नाही, हे न्यायालयाला पटावे लागते. दुसरे असे की, अवमानाच्या प्रकरणात न्यायालयाला शिक्षेपेक्षा आदेशाची पूर्तता अधिक हवी असते. म्हणून कागद एक पाऊल जरी पुढे सरकलेला दिसला तरी न्यायालय आणखी मुदत देते. आपली पाच-सहा वर्षे कोणत्याही एका मोठ्या स्थगितीत गेलेली नाहीत. चार-चार, सहा-सहा आठवड्यांच्या अशा मुदतींत ती गेली आहेत.

अनुदानित माध्यमिक शाळेच्या शिक्षकाचा निवृत्तिवेतनाचा प्रस्ताव मुख्याध्यापकांकडून शिक्षणाधिकारी (माध्यमिक) यांच्याकडे, तेथून मुंबईच्या महालेखापाल कार्यालयाकडे आणि मंजुरीनंतर कोषागाराकडे जातो. यांतल्या प्रत्येक टेबलाला कागद परत पाठवण्याचा अधिकार आहे. सेवापुस्तकातील एखाद्या नोंदीवर मुख्याध्यापकांची सही नसते, जुन्या संस्थेचा कार्यमुक्तीचा दाखला जोडलेला नसतो, वेतननिश्चितीच्या विवरणावर पडताळणीचा शिक्का नसतो. प्रस्ताव परत येतो, महिनाभर आवक विभागात पडून राहतो आणि पुढच्या तारखेला प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो. अवमानाची नोटीस एका अधिकाऱ्याच्या नावे असते, काम मात्र चार कार्यालयांत विभागलेले असते. रखडलेल्या प्रकरणांचे मोठे कारण मला हेच दिसते.

म्हणून पुढच्या तारखेला आपल्या वकिलांनी ‘शिक्षा करा’ अशी मागणी करण्यापेक्षा पूर्ततेचे सविस्तर शपथपत्र मागावे. ‘आदेशाच्या पूर्ततेसाठी प्रस्ताव सक्षम प्राधिकाऱ्याकडे सादर करण्यात आला आहे’ हे एकच वाक्य असलेले शपथपत्र मी अनेक प्रकरणांत पाहिले आहे, आणि त्यावर पुन्हा मुदत मिळालेलीही पाहिली आहे. त्या जागी शपथपत्रात या गोष्टी मागाव्यात : प्रस्ताव कोणत्या जावक क्रमांकाने आणि कोणत्या दिनांकाला गेला, तो कधी परत आला, त्रुटी नेमक्या शब्दांत काय आहे, ती दूर करण्याचे काम कोणत्या पदावरील अधिकाऱ्याकडे आहे आणि ते कोणत्या तारखेपर्यंत पूर्ण होईल. ही तारीख शपथेवर आली की ती पुढे हमीसारखी वापरता येते, आणि ती चुकली की जाणूनबुजून टाळाटाळ होत असल्याचा मुद्दा उभा राहतो. हीच माहिती माहितीच्या अधिकारातही मागा. आपल्या प्रकरणाच्या नस्तीतील, म्हणजे फाइलमधील, टिप्पणी-पानांच्या छायाप्रती मिळाल्या तर कागद कोणाच्या टेबलावर किती दिवस थांबला, हे त्यांवरील सह्या आणि दिनांकच सांगतात.

त्रुटींचेही दोन प्रकार आहेत आणि त्यांची गल्लत होऊ देऊ नये. सही राहिली, दाखला नाही, आकडेमोड चुकली, ही त्रुटी खरी असते आणि ती दूर करणे शिक्षणाधिकारी कार्यालयाचे काम असते. ‘आधीची सेवा अर्हताकारी (निवृत्तिवेतनासाठी मोजण्याजोगी) धरता येत नाही’ किंवा ‘सेवेतील खंड क्षमापित (माफ) केलेला नाही’ अशी त्रुटी असेल, तर ज्या प्रश्नाचा निकाल न्यायालयाने दिला तोच प्रश्न कार्यालय पुन्हा उघडत आहे. आदेश अंतिम झाला असेल, त्याला स्थगिती नसेल, तर असे कारण पुढे करता येत नाही. महालेखापाल मूळ याचिकेत पक्षकार होते की नाही, हेही पाहून घ्या. ते पक्षकार नसतील तर त्यांनी आदेश धुडकावला असे म्हणणे अवघड जाईल. परंतु आदेशाची प्रत जोडून त्या त्रुटीला उत्तर देण्याची शिक्षण विभागाची जबाबदारी त्यामुळे संपत नाही.

अधिकारी बदलल्याची अडचण वाटते तेवढी मोठी नाही. आदेश पदाला बांधलेला असतो, अवमानाची जबाबदारी मात्र व्यक्तीवर येते. त्यामुळे नव्या अधिकाऱ्याला मूळ आदेशाची प्रमाणित प्रत, अवमान याचिकेची प्रत आणि एक छोटे पत्र नावानिशी द्यावे, पोचेवर आवक क्रमांक व दिनांक घ्यावा आणि त्यांना याचिकेत नावाने सामील करण्यासाठी अर्ज करावा. आदेश माहीत झाल्यापासून पुढच्या काळाचे उत्तर त्यांना द्यावे लागते. बदलून गेलेला अधिकारीही आपल्या काळापुरता आपोआप सुटत नाही.

आता शिक्षेविषयी. कलम १२ नुसार सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी कमाल शिक्षा आहे आणि न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितल्यास ती माफही होऊ शकते. अधिकाऱ्यांना न्यायालयात बोलावण्याविषयी सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ रोजी एक कार्यपद्धती घालून दिली. योगायोग असा की तो वादही निवृत्तांच्याच लाभांचा होता : निवृत्त न्यायाधीशांच्या सुविधांच्या प्रकरणात अलाहाबाद उच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशच्या अर्थ विभागातील अधिकाऱ्यांना ताब्यात घ्यायला लावले होते आणि सर्वोच्च न्यायालयाने ते आदेश रद्द केले. अवमानाची कारवाई सुरू करताना संयम ठेवावा, आधी नोटीस देऊन खुलासा मागवावा, हजेरी आवश्यकच असेल तर पहिला पर्याय दूरदृश्य प्रणालीचा द्यावा, असे त्या कार्यपद्धतीत म्हटले आहे. सरकारी वकील तिचा हा भाग आवर्जून वाचून दाखवतात.

त्याच कार्यपद्धतीचा दुसरा भाग आपल्या उपयोगाचा आहे. आदेशात पूर्ततेची मुदत असेल आणि ती पाळण्यात अडचण येत असेल, तर संबंधित अधिकाऱ्याला मुदतवाढीचा किंवा स्थगितीचा अर्ज करू द्यावा, असे त्यात आहे. याचा अर्थ मी असा घेतो की, अडचण असणाऱ्याने लेखी अर्ज करायचा असतो. मुदत उलटल्यावर दर तारखेला तोंडी विनंती करत राहायचे नसते. आपल्या प्रकरणात बारा आठवडे २०१९ मध्येच सुरू होऊन कधीच सरले. त्यानंतर मुदतवाढीचा एकही लेखी अर्ज झाला आहे का, हे पाहा. झाला नसेल तर तेवढा एकच मुद्दा वकिलांनी न्यायालयापुढे ठामपणे मांडावा. संयमाचा लाभ अधिकाऱ्याला मिळतो, तर त्यामागची शिस्तही त्याने पाळली पाहिजे. हाती आदेश असलेल्या माणसाने सत्तरीच्या उंबरठ्यावर ‘पुढची तारीख’ ऐकत बसावे, हे मला कोणत्याही अर्थाने न्याय्य वाटत नाही.

सरकारने सर्वोच्च न्यायालयात अपील केले आहे, एवढे कारण पुरेसे नसते. अपील दाखल होणे म्हणजे स्थगिती मिळणे नव्हे. प्रत्यक्ष स्थगिती असेल तर मात्र अवमानाचे प्रकरण थांबते. सहा महिने झाले की स्थगिती आपोआप उठते, असे २०१८ च्या एका निकालामुळे काही काळ धरले जात होते. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी घटनापीठाने तो नियम रद्द केला, तेव्हा त्या भरवशावर राहू नये. स्थगिती उठवण्यासाठी आपल्यालाच अर्ज करावा लागतो.

शेवटची बाब ठिकाणाची. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच, म्हणजे फिरते खंडपीठ, कोल्हापुरात सुरू झाले असून सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर हे सहा जिल्हे त्याच्या कक्षेत येतात. त्यामुळे मुंबईत दाखल झालेले आपले जुने प्रकरण आज कोठे आहे, याची खात्री आधी करा. ई-कोर्ट्सच्या ॲपवर प्रकरणाचा सोळा अक्षरांचा ओळख क्रमांक (सीएनआर) टाकला की पुढची तारीख आणि खंडपीठ दिसते. तारीखच पडत नसेल, तर वकिलांना प्रेसिपी देऊन, म्हणजे अर्जदाराचे वय आणि याचिकेचे वर्ष लिहिलेली लेखी विनंती करून, प्रकरण बोर्डावर घेण्यास सांगा. ज्येष्ठ नागरिकाचे जुने प्रकरण अशा विनंतीने वर येऊ शकते. कोणी विनंतीच केली नाही तर ते पडून राहते.

प्रश्न : माझ्या बाजूचा आदेश होऊन दोन वर्षे आणि काही महिने झाले. आठ आठवड्यांत रक्कम द्यावी, असे त्यात होते. कार्यालयातील साहेब दर वेळी ‘याच महिन्यात होईल, कशाला कोर्टात जाता’ असे म्हणत राहिले, म्हणून मी अवमान याचिका केली नाही. आता करता येईल का? (एक निवृत्त कर्मचारी, वाई)

उत्तर : ही आपल्या पत्रातील सर्वांत काळजीची गोष्ट आहे. अवमान अधिनियमाच्या कलम २० नुसार, ज्या दिवशी अवमान झाला असे म्हणणे आहे त्या दिवसापासून एक वर्ष उलटल्यावर अवमानाची कारवाई सुरू करता येत नाही. आदेशात आठ आठवड्यांची मुदत असेल, तर ती संपल्याच्या दुसऱ्या दिवसापासून वर्ष मोजायचे. ‘पल्लव शेठ विरुद्ध कस्टोडियन’ या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अर्जदारांना एक दिलासा दिला : याचिका वर्षाच्या आत दाखल झाली की पुरे, न्यायालयाची नोटीस त्यानंतर निघाली तरी चालते. म्हणून वर आलेल्या कोरेगावच्या शिक्षकांची याचिका कितीही जुनी झाली तरी मुदतबाह्य होत नाही. आपली याचिका मात्र अजून दाखलच झालेली नाही.

‘पैसे अजून दिलेले नाहीत, म्हणजे अवमान रोज चालूच आहे’ असा युक्तिवाद अनेकदा केला जातो. त्याला आधार नाही असे नाही. ताबा देण्याची हमी मोडणाऱ्या भाडेकरूच्या १९८९ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो चालू राहणारा अवमान मानला होता. परंतु ‘एस. तिरुपती राव विरुद्ध एम. लिंगमय्या’ या जुलै २०२४ च्या निकालात न्यायालयाने या युक्तिवादाची कसून तपासणी केली. चूक एकदाच घडून पूर्ण झाली आणि तिचे परिणाम पुढे भोगावे लागत आहेत, एवढ्याने ती चालू राहणारी चूक ठरत नाही, असे त्यात म्हटले आहे. या निकालानंतर केवळ त्या युक्तिवादावर विसंबून राहण्याचा सल्ला मी देणार नाही.

तरीही दोन गोष्टी लगेच तपासा. गेल्या वर्षभरात विभागाने कोणत्याही न्यायालयीन कामात, शपथपत्राने किंवा वकिलांमार्फत, अमुक तारखेपर्यंत पैसे देऊ अशी हमी दिली आहे का? दिली असेल तर तिचा भंग ही स्वतंत्र बाब होते. कार्यालयातील तोंडी आश्वासन, किंवा आपल्याला पाठवलेले ‘कार्यवाही सुरू आहे’ असे पत्र, यात मोडत नाही. दुसरे म्हणजे, अवमानाची वाट बंद झाली तरी आदेश संपत नाही. तो आजही बंधनकारक आहे. त्याच्या अंमलबजावणीसाठी मूळ रिट याचिकेत अर्ज करायचा की नवी याचिका करायची, हे आदेशाचे शब्द पाहून वकिलांना ठरवता येईल; मात्र हा विचार या आठवड्यातच व्हावा. आणि हे पत्र वाचणाऱ्या इतरांनी एवढे तरी करावे : आदेश हाती येताच त्यातील मुदत मोजून अवमानाचे वर्ष कोणत्या तारखेला संपते, ते आदेशाच्या प्रतीवरच लिहून ठेवावे. चांगले बोलणारा अधिकारी ही तारीख पुढे ढकलू शकत नाही.

प्रश्न : उच्च न्यायालयाने माझ्या याचिकेत ‘अर्जदाराच्या निवेदनावर सहा आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा’ असे म्हटले होते. कार्यालयाने सहा महिन्यांनी निर्णय दिला आणि माझी मागणी फेटाळली. न्यायालय आमच्या बाजूने असताना मागणी फेटाळणे हा अवमान नाही का? (एक निवृत्त ग्रामसेवक, जत)

उत्तर : आपल्याला पटणार नाही, तरी स्पष्ट सांगतो. न्यायालयाने आपल्या बाजूने निकाल दिलेला नाही. निर्णय घ्या, एवढेच सांगितले आहे. निर्णय उशिरा झाला, पण झाला. तो चुकीचा असेल तर ते नव्या याचिकेचे कारण ठरते, अवमानाचे नाही. ‘जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर’ या १९९६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले आहे. उशिराबद्दल अवमान याचिका केली तर फार तर दिलगिरीचे शपथपत्र येईल आणि प्रकरण निकाली निघेल. हाती काही लागणार नाही. त्यापेक्षा नाकारण्याची कारणे एकेक करून खोडणारी रिट याचिका करा आणि तीत ‘निर्णय घ्यावा’ असा मोघम आदेश न मागता, कोणत्या तारखेपासून कोणत्या वेतनावर किती निवृत्तिवेतन हवे, ते आकड्यांत मागा. मोघम आदेश त्या दिवशी विजयासारखा वाटतो; पुढची वर्षे त्यातच वाया जातात.

प्रश्न : अवमान याचिका प्रलंबित असतानाच विभागाने माझे सुधारित निवृत्तिवेतन सुरू केले. थकबाकीही दिली, पण चुकीच्या वेतननिश्चितीचे कारण सांगून त्यातून मोठी रक्कम वसूल केली, आणि इतक्या वर्षांच्या उशिराचे व्याज दिले नाही. आता न्यायालय ‘पूर्तता झाली’ म्हणून याचिका निकाली काढेल अशी भीती वाटते. (एक निवृत्त मुख्याध्यापक, विटा)

उत्तर : भीती अनाठायी नाही. पूर्ततेचे शपथपत्र आले की याचिका निकाली काढण्याकडे न्यायालयाचा कल असतो, आणि अनेक वर्षांच्या प्रकरणाचा शेवट पाच मिनिटांत होतो. म्हणून त्या तारखेपूर्वी आपले प्रतिउत्तर शपथपत्र दाखल झालेले असले पाहिजे. सोबत एक तक्ता जोडा : महिना, आदेशानुसार देय निवृत्तिवेतन, त्यावरील महागाई भत्ता, प्रत्यक्ष मिळालेली रक्कम आणि फरक. शेवटी एकूण बाकी. न्यायाधीशांना दोनशे पानांच्या नस्तीतून हिशेब शोधायला लावू नका. बाकीचा आकडा एका पानावर दिसला तर ‘पूर्तता झाली’ हे वाक्य तसेच्या तसे स्वीकारणे अवघड होते.

वसुलीचा आणि व्याजाचा प्रश्न वेगवेगळा पाहावा लागेल. आदेशात पूर्ण थकबाकी देण्याचे म्हटले असताना विभागाने स्वतःच्या मनाने त्यातून कपात केली असेल, तर ती पूर्तता अपुरी आहे, हा मुद्दा अवमान याचिकेत मांडता येतो. वसुली मुळात बेकायदा आहे का, हा प्रश्न मात्र मूळ निकालात आलेला नसेल तर अवमानाचे खंडपीठ त्यात शिरणार नाही. त्यासाठी स्वतंत्र याचिका करावी लागेल आणि तीत १८ डिसेंबर २०१४ चा ‘पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह’ हा निकाल आपल्या कामी येईल; निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्या कर्मचाऱ्याकडून जादा दिलेल्या रकमेची वसुली करू नये, असे त्यात आहे. वेतननिश्चितीच्या वेळी आपण जादा रक्कम परत करण्याचे हमीपत्र लिहून दिले होते का, ते मात्र सेवापुस्तकात पाहून घ्या. विभाग पहिला बचाव तोच घेतो.

व्याजाबाबत आदेशात एक शब्दही नसेल, तर अवमान याचिकेत ते मिळणार नाही. मूळ आदेशाच्या चौकटीबाहेर जाऊन अवमानाचे न्यायालय नवे निर्देश देऊ शकत नाही, हे ‘झारेश्वर प्रसाद पॉल विरुद्ध तारकनाथ गांगुली’ या २००२ च्या निकालापासून पक्के झाले आहे. याचा अर्थ आपला हक्क बुडाला असा नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम १२९-अ आणि १२९-ब यांत उशिरा दिलेल्या उपदानावर (ग्रॅच्युइटीवर) आणि निवृत्तिवेतनावर व्याजाची तरतूद आहे. निवृत्तिवेतन आणि उपदान ही मेहेरबानी नसून मौल्यवान हक्क व मालमत्ता आहे आणि प्रशासनाच्या दोषाने होणाऱ्या उशिराची भरपाई व्याजाने झाली पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने केरळच्या पद्मनाभन नायर प्रकरणात १९८४ मध्येच सांगितले. म्हणून अवमान याचिका निकाली निघत असेल तर वकिलांनी एवढे मात्र मागून घ्यावे की, व्याज आणि वसुली यांबाबतचे अर्जदाराचे हक्क व म्हणणे खुले ठेवून याचिका निकाली काढली जात आहे. हे अर्धे वाक्य आदेशात असले की पुढच्या याचिकेत ‘प्रकरण संपले होते’ हा आक्षेप टिकत नाही.

याचिका अशी निकाली निघाली तर अपील करता येते का, असेही आपण पुढे विचारले आहे. अवमान अधिनियमाच्या कलम १९ खालचे अपील फक्त शिक्षेच्या आदेशाविरुद्ध आहे, म्हणजे ते शिक्षा झालेल्यालाच मिळते. कारवाई न करण्याच्या आदेशाविरुद्ध अर्जदाराला सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका एवढाच मार्ग उरतो. खर्च आणि वय पाहता, खालच्या टप्प्यावरच नीट हिशेब मांडणे शहाणपणाचे.

प्रश्न : मी राज्य शासनाच्या आरोग्य विभागातून निवृत्त झाले. माझा आदेश महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा, म्हणजे मॅटचा आहे. अवमानासाठी कोल्हापूरला जायचे का? (एक निवृत्त परिचारिका, मिरज)

उत्तर : नाही. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ नुसार अवमानाबाबत न्यायाधिकरणाला उच्च न्यायालयाइतकेच अधिकार आहेत, म्हणून अर्ज मॅटकडेच करायचा. एक वर्षाची मुदत तेथेही मोजा. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि अनुदानित शाळांचे शिक्षक मॅटच्या कक्षेत येत नाहीत. ते रिट याचिकेने उच्च न्यायालयात जातात आणि त्यांचा अवमानही तेथेच चालतो.

प्रश्न : माझे पती जिल्हा परिषदेतून निवृत्त झाले. त्यांच्या बाजूने आदेश झाला, अवमान याचिका चालू होती, आणि गेल्या पावसाळ्यात ते वारले. वकील म्हणतात, अर्जदार गेला म्हणजे याचिका संपली. मुले बाहेरगावी आहेत. मुंबईला जाणे मला कधीच जमले नाही आणि वकिलांची फी देण्याची आता ऐपत नाही. हे सोडून द्यावे का? (एक वाचक, तासगाव)

उत्तर : सोडून देऊ नका. आपल्या पतीच्या हयातीत जे निवृत्तिवेतन देय झाले होते, त्याची थकबाकी त्यांच्या मृत्यूने बुडत नाही; ती वारसांना मिळते. आणि त्यांचे निवृत्तिवेतन ज्या वेतनावर सुधारायचे होते त्याच वेतनावर आपले कुटुंब निवृत्तिवेतन ठरायचे असल्याने, हा आदेश आता आपल्या स्वतःच्या दरमहाच्या उत्पन्नाचाही आहे. अवमानाचा विषय मुळात न्यायालय आणि आदेश न पाळणारा यांच्यातला असतो, अर्जदार तो न्यायालयाच्या नजरेस आणून देतो. तो हयात नाही म्हणून झालेली अवज्ञा पुसली जात नाही. आपल्याला वारस म्हणून दाखल करून घेण्याचा अर्ज मृत्यूचा दाखला जोडून शक्य तितक्या लवकर करावा. मूळ रिट याचिका निकाली निघालेली असली तरी आदेशाचा लाभ वारसांना द्यावा, असे स्पष्ट शब्द त्या अर्जात मागून घ्यावेत, म्हणजे कार्यालयाला ‘आदेश मयताच्या नावे आहे’ हे नवे कारण मिळणार नाही.

जिल्हा परिषद कर्मचाऱ्याच्या प्रकरणात महालेखापालांकडे फेरी नसते. मंजुरी जिल्हा परिषदेतच होते. त्यामुळे प्रस्ताव ‘वर’ अडकल्याचे कारण कोणी सांगितले तर ते लेखी मागा. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या नावे एक अर्ज द्या, त्याला आदेशाची प्रत, मृत्यूचा दाखला आणि पतीच्या सेवापुस्तकातील नामनिर्देशनाच्या पानाची प्रत जोडा. नामनिर्देशन स्पष्ट असेल आणि वारसांत वाद नसेल तर ‘आधी न्यायालयातून वारस प्रमाणपत्र आणा’ असे सरसकट सांगितले जाते तेव्हा त्या मागणीचा नियम कोणता, हे त्यांनी लिहून द्यावे, असे म्हणा.

फीची चिंता करू नका. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी साहाय्य मिळते. सांगलीत जिल्हा न्यायालयाच्या आवारातील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात साधा अर्ज करा. उच्च न्यायालयातील कामासाठी तो पुढे पाठवला जातो आणि वकील नेमून दिला जातो. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही माहिती मिळते. नवे वकील येण्याआधी सध्याच्या वकिलांकडून मूळ आदेशाची प्रमाणित प्रत, अवमान याचिकेची पूर्ण प्रत आणि आजवरच्या सर्व तारखांचे आदेश मागून घ्या. हे कागद आपले आहेत आणि ते देण्यास ते नकार देऊ शकत नाहीत. तासगावहून मुंबई लांब होती. कोल्हापूर तसे नाही, सकाळी निघून संध्याकाळी परत येता येते, आणि नेमलेले वकील हजर असतील तर प्रत्येक तारखेला आपण जाण्याचीही गरज नाही. अर्जाला उशीर झाला आहे, तेव्हा उशिराचे कारण, पतीचे आजारपण असेल तर त्याचे कागद आणि मृत्यूची तारीख, अर्जातच लिहा आणि तो येत्या सोमवारी द्या.